रॉबेर्तो क्लेमेंते : उसाच्या मळ्यातला खेळाडू

खेळाडू म्हटले की आपल्या डोळ्यांपुढे क्रिकेटपटू उभा राहतो, फार तर कबड्डीपटू किंवा पैलवान. बेसबॉल हा खेळ आपल्यापैकी बहुतेकांनी इंग्रजी चित्रपटातच पाहिलेला असतो. मीही त्याला अपवाद नाही. रॉबेर्तो क्लेमेंते या नावाकडे मी वळलो तो खेळापायी नव्हे, उसापायी. त्याचे वडील उसाच्या मळ्यावर मुकादम होते एवढेच एका ओळीत वाचले आणि पुस्तक हातातून खाली ठेववेना. आमच्या घरी आईवडिलांचा एक कोयता आहे. दिवाळी झाली की ते टोळीबरोबर कारखान्यावर जातात आणि पाडवा जवळ आला की परततात. पाचटाने चिरलेले हात कसे दिसतात हे मला कोणत्या पुस्तकातून शिकावे लागले नाही.

प्वेर्तो रिको हे कॅरिबियन समुद्रातले बेट. १८९८ पर्यंत ते स्पेनचे होते, पुढे अमेरिकेच्या ताब्यात गेले. लोकांची भाषा मात्र स्पॅनिशच राहिली. या बेटावरील कारोलिना गावी १८ ऑगस्ट १९३४ रोजी रॉबेर्तोचा जन्म झाला. सात भावंडांत तो धाकटा. आमच्याकडे मुकादम म्हणजे उचल देणारा आणि हिशेबात टोळीला गुंडाळणारा, अशी धास्ती असते. मेल्चोर क्लेमेंते मात्र स्वतःही घाम गाळणारे, गरिबीतच राहिलेले गृहस्थ होते. आई लुईसा घरचे सांभाळून बाहेरचीही कामे करी. रॉबेर्तोने दूध वाहून पैसा पैसा साठवला व त्यातून जुनी सायकल घेतली. शाळेत तो भालाफेक करी. त्याच्या उजव्या हाताची जी फेक पुढे साऱ्या अमेरिकेने पाहिली, तिची तालीम बहुधा या भाल्यानेच करून घेतली असावी.

अठराव्या वर्षी, १९५२ साली, तो सांतुर्से या स्थानिक संघात दाखल झाला. १९५४ मध्ये ब्रुकलिन डॉजर्सने दहा हजार डॉलर बोनस देऊन त्याला करारबद्ध केले आणि माँट्रियलच्या दुय्यम संघात धाडले. तिथे त्याला फारसे खेळूच दिले नाही. पण एवढा बोनस घेतलेला नवा खेळाडू दुय्यम संघात ठेवला, तर हंगाम संपल्यावर दुसऱ्या संघाला तो उचलता येई, असा त्यावेळचा नियम होता. तळाला राहिलेल्या पिट्सबर्ग पायरेट्सने अवघ्या चार हजार डॉलरांत त्याला नेले. पुढची अठरा वर्षे, म्हणजे अखेरपर्यंत, तो याच संघाकडून खेळला.

इथवर कथा सोपी आहे. खरी अडचण यापुढे सुरू होते. रॉबेर्तो काळा होता आणि त्याची भाषा स्पॅनिश होती. सरावासाठी संघ फ्लोरिडातल्या फोर्ट मायर्स येथे जाई. तिथे गोऱ्या खेळाडूंना हॉटेल आणि काळ्यांना गावाच्या काळ्या वस्तीत बिऱ्हाड. प्रवासात गोरे खाणावळीत जेवत व काळे बसमध्ये बसून राहत. मग कुणी तरी त्यांना बाहेर अन्न आणून देई. रॉबेर्तोने ते अन्न नाकारले आणि काळ्या खेळाडूंसाठी वेगळी गाडी मागून घेतली. ती त्यांना मिळालीही.

वृत्तपत्रवाले त्याला रॉबेर्तो न म्हणता बॉब म्हणत. बेसबॉलच्या रंगीत पत्त्यांवरही कित्येक वर्षे बॉब क्लेमेंते असेच छापले गेले. त्याचे मोडकेतोडके इंग्रजी बातमीदार मुद्दाम उच्चार जसाच्या तसा लिहून छापत, म्हणजे वाचकांची करमणूक व्हावी. त्यांतल्या कुणाला स्पॅनिशचे एक वाक्य तरी धड बोलता येत होते की नाही, देव जाणे! वर्गात पहिल्यांदा उत्तर द्यायला उभा राहिलो तेव्हा माझ्या तोंडून ‘व्हतं’, ‘गेल्तो’ निघाले आणि मागचे दोन बाक हसले. त्यानंतर सहा महिने मी वर्गात तोंड उघडले नाही. क्लेमेंते मात्र गप्प बसला नाही. तो चिडे, भांडे, आपले खरे नाव पुनःपुन्हा सांगे. १९५४ अखेर मोटार अपघातात त्याची पाठ दुखावली होती. ती दुखते असे म्हटले की पत्रकार त्याला कांगावखोर ठरवत. स्वभावाने तो तापट आणि हळवा होता हे कबूल केले पाहिजे. पण ज्याला रोज कुणी तरी डिवचते, त्याने शांतही राहावे ही अपेक्षा मला तरी अन्यायाची वाटते.

खेळाविषयी थोडक्यात सांगतो. फटका मारून फलंदाज सुखरूप बेसवर पोहोचला की त्याला हिट म्हणतात. हजार संधींत तीनशे हिट मारणारा उत्तम फलंदाज समजला जातो. क्लेमेंतेचे आयुष्यभराचे प्रमाण ३१७ होते. १९६१, १९६४, १९६५ व १९६७ या चार वर्षी तो लीगमध्ये फलंदाजीत पहिला आला. १९६६ साली तो लीगचा सर्वश्रेष्ठ खेळाडू ठरला. मैदानाच्या उजव्या टोकाकडून तो असा काही चेंडू फेकी की धावणारा खेळाडू वाटेतच थबके. क्षेत्ररक्षणासाठीचे गोल्ड ग्लोव्ह त्याला सलग बारा वर्षे मिळाले.

एप्रिल १९६८ मध्ये मार्टिन ल्यूथर किंग यांची हत्या झाली. त्यांच्या अंत्यविधीआधी आम्ही मैदानात उतरणार नाही, असे पायरेट्सच्या काळ्या खेळाडूंनी ठरवले. त्यात क्लेमेंते पुढे होता. सामना १० एप्रिलवर ढकलावा लागला. १ सप्टेंबर १९७१ रोजी याच संघाने नऊच्या नऊ खेळाडू काळे व लॅटिन वंशाचे उतरवले. मोठ्या लीगमध्ये असे प्रथमच घडत होते, आणि त्या नवांत तोही होता. त्याच वर्षी वर्ल्ड सिरीजमध्ये पायरेट्सने बाल्टिमोरला सातव्या सामन्यात हरवले. सातही सामन्यांत हिट मारणारा क्लेमेंते मालिकावीर ठरला. विजयानंतर दूरदर्शन कॅमेऱ्यापुढे तो प्रथम स्पॅनिशमध्ये बोलला, आपल्या आईवडिलांशी. इंग्रजी त्यानंतर.

३० सप्टेंबर १९७२ रोजी त्याने तीन हजारावी हिट मारली. नोव्हेंबरमध्ये तो प्वेर्तो रिकोच्या हौशी संघाचा मार्गदर्शक म्हणून निकाराग्वाला गेला; तिथल्या माणसांशी त्याचा लळा जमला. तो घरी परतला आणि २३ डिसेंबरला तिची राजधानी मानाग्वा भूकंपाने उद्ध्वस्त झाली. हजारो माणसे दगावली. क्लेमेंतेने मदत समिती उभारली, नाताळच्या सणात दारोदार हिंडून पैसा, धान्य, औषधे गोळा केली. पण विमानांनी पाठवलेली मदत हुकूमशहा सोमोसाचे शिपाईच लाटत आहेत अशी वार्ता आली. आपण जातीने गेलो तर तरी सामान गरजूंच्या हाती पडेल, असे त्याच्या मनाने घेतले.

भाड्याने मिळालेले विमान जुनाट होते आणि त्यात वाजवीपेक्षा कितीतरी अधिक भार भरला होता. ३१ डिसेंबरच्या रात्री, नऊनंतर, सान हुआनहून ते उडाले व थोड्याच वेळात समुद्रात कोसळले. पाचही जण गेले. क्लेमेंते अडतीस वर्षांचा होता. मागे पत्नी वेरा आणि तीन लहान मुले. त्याचा जिवलग सहकारी मॅनी सांगियेन पाणबुड्यांबरोबर समुद्रात उतरून शोध घेत राहिला. त्यासाठी तो स्मारकसभेलाही गेला नाही. क्लेमेंतेचा देह सापडलाच नाही.

बेसबॉलच्या हॉल ऑफ फेममध्ये नाव येण्यास निवृत्तीनंतर पाच वर्षे थांबावे लागते. त्याच्यासाठी हा नियम बाजूला ठेवला गेला आणि ऑगस्ट १९७३ मध्ये हा मान मिळवणारा तो पहिला लॅटिन अमेरिकन ठरला. समाजकार्य करणाऱ्या खेळाडूला दर वर्षी त्याच्या नावाने पुरस्कार देतात. पिट्सबर्गमध्ये त्याच्या नावाचा पूल आहे, आणि तिथल्या नव्या मैदानाची उजवीकडची भिंत २१ फूट उंच बांधली आहे, कारण त्याच्या सदऱ्यावरचा आकडा २१ होता. तो आकडा त्याने का घेतला असावा? रॉबेर्तो क्लेमेंते वॉकर हे नाव रोमन लिपीत लिहिले तर २१ अक्षरे भरतात. वॉकर हे आईकडचे आडनाव, आणि स्पॅनिश रीतीप्रमाणे ते शेवटी येते.

१९७३ मध्ये हॉल ऑफ फेममध्ये जो ताम्रपट लावला, त्यावर मात्र त्याचे नाव रॉबेर्तो वॉकर क्लेमेंते असे उलटसुलट कोरले गेले. २००० साली तो पट काढून नवा बसवला. आता तिथे त्याचे नाव बरोबर आहे.