कॅनडा ली : मुष्टियोद्धा आणि नट

सामन्यांत हरलेला मुलगा खालीं मान घालून घरीं जातांना आम्हीं अनेकदां पाहिला आहे. आतां सर्व संपलें, असें त्या दिवशीं त्याला वाटत असतें. अशा मुलांस व त्यांच्या पालकांस आज आम्ही एका अशा पुरुषाचें चरित्र सांगणार आहों, कीं ज्याच्या हातून एकामागून एक धंदे निसटले, परंतु ज्यानें आपली मान कधीं खालीं घातली नाहीं.

त्याचें घराण्याचें नांव कॅनेगाटा. त्याचा जन्म ३ मार्च १९०७ रोजीं न्यूयॉर्क शहरांत एका कृष्णवर्णीय कुटुंबांत झाला. त्याचे वडील कॅरिबियन समुद्रांतील बेटांवरून आलेले होते. सातव्या वर्षीं मुलाच्या हातीं व्हायोलिन आलें व त्यांत त्यानें चांगली प्रगति केली. परंतु चवदाव्या वर्षीं तो घरांतून पळाला आणि सॅराटोगा येथील घोड्यांच्या शर्यतींच्या मैदानावर जाऊन जॉकी बनला. आईबापांस न सांगतां घर सोडणें आम्हांस मुळींच पसंत नाहीं. पण घडलें तें असें. पुढें त्याची उंची व वजन वाढलें आणि जॉकीचा धंदा आपोआप सुटला.

मग तो मुष्टियुद्धाकडे वळला. हौशी खेळाडूंच्या सामन्यांत त्यानें पदकें मिळविलीं व नंतर तो धंदेवाईक मुष्टियोद्धा झाला. असें सांगतात कीं, रिंगणांत नांवें पुकारणाऱ्या गृहस्थास त्याचें अवघड नांव उच्चारतां येईना, म्हणून त्यानें ‘ली कॅनेगाटा’ याचें ‘कॅनडा ली’ करून टाकलें. तेंच नांव पुढें जगास माहीत झालें. परंतु एका लढतींत डोळ्यावर बसलेल्या ठोशानें त्याचें नेत्रपटल सुटलें, त्या डोळ्याची दृष्टि गेली, आणि १९३३ सालीं त्याला रिंगण सोडावें लागलें. मिळविलेला पैसाहि उरला नव्हता.

१९३४ सालीं काम मागण्यासाठीं तो हार्लेम भागांतील यंग मेन्स ख्रिश्चन असोसिएशनच्या इमारतींत गेला. तेथें एका नाटकासाठीं नटांची निवड चालली होती. नोकरी मागावयास गेलेला हा मनुष्य भूमिका घेऊन बाहेर पडला! १९३६ सालीं ऑर्सन वेल्स या अवघ्या वीस वर्षांच्या दिग्दर्शकानें हार्लेममध्यें सर्व कृष्णवर्णीय नटांकडून शेक्सपिअरचें ‘मॅकबेथ’ करविलें. त्यांत बँकोची भूमिका लीनें केली. १९४१ सालीं रिचर्ड राइट यांच्या ‘नेटिव्ह सन’ या कादंबरीवरील नाटकांत बिगर टॉमस हें प्रमुख पात्र रंगवून त्यानें मोठी कीर्ति मिळविली.

त्या काळीं अमेरिकेंतील चित्रपटांत कृष्णवर्णीय नटास बहुधा हास्यास्पद नोकराचेंच काम मिळे. १९४४ च्या ‘लाइफबोट’ या चित्रपटांत त्याच्या वांट्यास जहाजावरील नोकराचीच भूमिका आली. तेव्हां संवादांतील लाचारीची भाषा त्यानें बदलून घेतली आणि त्या नोकरास माणुसकीची प्रतिष्ठा दिली. १९४७ च्या ‘बॉडी अँड सोल’ या मुष्टियुद्धावरील चित्रपटांत त्यानें डोक्याच्या दुखापतीनें खंगलेला मुष्टियोद्धा उभा केला. ज्यानें स्वतः रिंगणांत डोळा गमावला होता, त्याला तें दुःख कोणी शिकवावयास नको होतें.

वर्णभेदाविरुद्ध तो सभांतून उघड बोलत असे. महायुद्धानंतर अमेरिकेंत साम्यवादाच्या भीतीची लाट उसळली व अनेक कलावंतांवर संशय घेण्यांत आला. त्यांत लीचेंहि नांव गोंवलें गेलें. आपण साम्यवादी नाहीं, असें त्यानें जाहीर केलें. तरीहि रेडिओ व टेलिव्हिजनचीं दारें त्याला बंद झालीं.

त्याचें शेवटचें मोठें काम ॲलन पेटन यांच्या ‘क्राय, द बिलव्हेड कंट्री’ या कादंबरीवरील चित्रपटांत झालें. १९५० सालीं त्याचें चित्रण दक्षिण आफ्रिकेंत झालें. जोहान्सबर्ग शहरांत हरवलेल्या मुलाच्या शोधास निघालेल्या वृद्ध खेडवळ धर्मोपदेशकाची ती भूमिका होती. तेथील वर्णभेदाचे निर्बंध असे कठोर कीं, ली व त्याचा तरुण सहकारी सिडनी पॉइटिए यांस दिग्दर्शकाचे करारबद्ध मजूर म्हणून त्या देशांत प्रवेश करावा लागला. कागदोपत्रीं मजूर असलेला हा नट पडद्यावर मात्र क्षमाशील पित्याचें जें दर्शन घडवितो, तें पाहून मन भरून येतें. चित्रपट १९५२ सालीं प्रदर्शित झाला, आणि त्याच वर्षीं ९ मे रोजीं वयाच्या पंचेचाळिसाव्या वर्षीं लीनें न्यूयॉर्क येथें देह ठेविला.

सत्यानें वागणाऱ्यास जगांत नेहमींच बक्षीस मिळतें, असें आम्ही मुलांस सांगणार नाहीं. लीला तें मिळालें नाहीं. परंतु व्हायोलिननें शिकविलेला ताल व रिंगणानें शिकविलेलें धैर्य हीं त्याच्याबरोबर रंगभूमीवर आलीं. शिकलेली विद्या वांयां जात नाहीं. हरून घरीं जाणाऱ्या मुलानें एवढें ध्यानांत ठेविलें, तरी हें चरित्र लिहिल्याचें सार्थक झालें असें आम्ही समजूं.