तुंबलेला संडास आणि अप्पासाहेब

मागच्या रविवारी हॉस्टेलच्या दुसऱ्या मजल्यावरचा संडास तुंबला. सगळ्यांनी नाक दाबून खालचा मजला गाठला. सफाईवाले मामा सोमवारी येतील, तोवर तिकडे बघायचंच नाही, असं एकमताने ठरलं! मित्रांनो, त्या दिवशी मला अप्पासाहेब पटवर्धन आठवले.

सीताराम पुरुषोत्तम पटवर्धन १८९४ साली रत्नागिरी जिल्ह्यात जन्मले. ब्राह्मण घर, उच्च शिक्षण. आरामात खुर्ची मिळाली असती. पण हा माणूस गांधीजींच्या कामात शिरला आणि पुढे 'कोकणगांधी' झाला.

१९३२ साली ते रत्नागिरीच्या तुरुंगात होते. तिथे मैला साफ करण्याचं काम जात बघून दिलं जाई. अप्पांनी ते काम स्वतःसाठी मागितलं. तुरुंगवाल्यांनी साफ नकार दिला. अप्पांनी मग अन्नावरच निर्बंध घातला. ही बातमी येरवड्याच्या तुरुंगात गांधीजींना कळली. (आपल्या मांजरीहून नदीकाठाने वर गेलं की येरवडाच लागतो.) अप्पांना पाठिंबा म्हणून डिसेंबरात गांधीजींनीही उपोषण धरलं. सरकारने फेरविचार करायचं कबूल केल्यावर ते सुटलं. संडास साफ करायला मिळावा म्हणून उपोषण! आपण तर तो टाळण्यासाठी आजारी पडतो.

अप्पा नुसतं झाडून थांबले नाहीत. १९४८ साली कणकवलीला त्यांनी गोपुरी आश्रम काढला. कुणाला डोक्यावर मैला वाहावा लागू नये म्हणून सोपा, स्वस्त संडास तयार केला. मैल्यावर माती, राख, पालापाचोळा टाकायचा, काही महिन्यांनी खत काढायचं. सामान सगळं घरातलंच. आपल्या भाषेत सांगायचं तर हे पक्कं इंजिनियरिंग. १९७१ साली अप्पा गेले.

आता आमच्या संडासाचं. शेवटी आम्ही दोघं उठलो. भांडी घासायचं लिक्विड अर्धा कप ओतलं, अर्धा तास थांबलो. मग बादलीभर गरम पाणी (उकळतं नको, भांडं तडकतं) कमरेच्या उंचीवरून एका दमात ओतलं. दुसऱ्या बादलीला तुंबलेलं सुटलं. वीस रुपयेही लागले नाहीत.

लागली ती फक्त लाज सोडायची तयारी. सोमवारी मामा आले, तेव्हा त्यांच्यासाठी काही उरलं नव्हतं.