विरहाचा कवी सिराज

बीड जिल्ह्याच्या उत्तर सीमेवरून गोदावरी वाहते. ती ओलांडून पुढे गेले, की एक जुने, मोठे शहर लागते. हेच पूर्वीचे औरंगाबाद, म्हणजे आजचे छत्रपती संभाजीनगर होय. या शहरी १७१२ च्या सुमारास सय्यद सिराजुद्दीन यांचा जन्म झाला. ‘सिराज’ या शब्दाचा अर्थ दिवा असा आहे. उर्दू काव्यात हा दिवा ‘सिराज औरंगाबादी’ या नावाने तेवत राहिला.

सिराज बारा-तेरा वर्षांचे असतानाच त्यांच्या चित्ताला ईश्वराची अनिवार ओढ लागली. त्यांना देहाचे व घराचे भान उरले नाही. खुलताबादला बुऱ्हाणुद्दीन गरीब या सूफी संताची समाधी आहे. तिच्याभोवती ते रात्रीच्या रात्री भटकत. मुलाच्या काळजीने वडिलांनी त्यांच्या पायांत बेड्या घातल्या, असे सांगतात. त्या अवस्थेत त्यांच्या मुखातून फारसी काव्य अखंड स्रवत असे. परंतु ते लिहून ठेवले गेले नाही, आणि बहुतेक सारे लोपले.

अशी सात वर्षे गेली. मग मन शांत झाले आणि सिराज यांनी शाह अब्दुर्रहमान चिश्ती यांचे शिष्यत्व पत्करले. गुरुबंधू अब्दुल रसूल खान यांच्या आग्रहावरून ते उर्दूत गझला रचू लागले. त्या बंधूने त्या जपून एकत्र केल्या, म्हणूनच त्या आज आपल्याला वाचावयास मिळतात. पण कीर्ती वाढू लागली, तोच गुरूंनी काव्य सोडण्याची आज्ञा केली. सिराज यांनी ती शिरोधार्य मानून गझलरचना थांबविली. ज्याच्या ओढीने गाणे सुचले, त्याच्याचसाठी त्यांनी गाण्याचाही त्याग केला!

१७६४ मध्ये त्यांचे देहावसान झाले. ज्ञानदेवांच्या विरहिणीत भेटीची जी तळमळ आहे, तीच सिराज यांच्या गझलांतही आहे. पुढे काळ पालटला, तशी या वेदनेची रूपेही पालटली. विसाव्या शतकात हैदराबादेत राहिलेल्या फानी बदायुनी यांनी मृत्यूचे दुःख गायिले. फैज अहमद फैज यांनी तुरुंगातून देशाची ओढ गायिली. सिराज यांच्या गझला मात्र जुन्या झाल्या नाहीत. गायक त्या आजही आळवितात.