भिवा ते बाबासाहेब : एका नावाचा लढा

माणसाचे नाव ही त्याची स्वतःची बाब आहे, असे कायदा मानतो. या देशातील जातिव्यवस्थेने मात्र ते कधीच मानले नाही. मुंबई-नाशिक महामार्गावरच्या आमच्या वडपे परिसरात गोदामांच्या रांगा उभ्या आहेत. विदर्भ-मराठवाड्यातून आलेली आपली मुले तिथे राबतात आणि आसपास भाड्याची खोली शोधतात. घरमालक आधी नाव विचारतो, मग आडनाव. जाधव, गायकवाड, मोरे ही आडनावे मराठ्यांतही आहेत आणि आपल्यातही. तेवढ्याने उलगडा झाला नाही की गाव विचारतो, कुलदैवत विचारतो. ही चौकशी नावाची नसते, जातीची असते. मग यातलाच एखादा तरुण आमच्याकडे येऊन विचारतो, वकीलसाहेब, राजपत्रात आडनाव बदलून घेऊ काय?

कायद्याने आडनाव बदलता येते. पण ते बदलून सुटका होते काय? या प्रश्नाचे उत्तर शोधायला आम्हांला दूर जावे लागत नाही. परमपूज्य बाबासाहेबांचे सारे आयुष्य हेच त्याचे उत्तर आहे.

१४ एप्रिल १८९१ रोजी महू येथील लष्करी छावणीत सुभेदार रामजी मालोजी सकपाळ यांच्या घरी चौदावे अपत्य जन्मले. त्याला भिवा म्हणत. वडिलांचे मूळ गाव रत्नागिरी जिल्ह्यातील मंडणगड तालुक्यातले आंबडवे. आई भीमाबाई मुरबाडकरांच्या घरातली. मुरबाड म्हणजे आमच्याच ठाणे जिल्ह्यातला तालुका, हे आपल्या लोकांनी विसरू नये. आई गेली तेव्हा भिवा जेमतेम पाच वर्षांचा होता.

त्या काळी अस्पृश्याच्या नावाला काय किंमत होती, हे समजून घेतले पाहिजे. मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात नावांचा कायदाच सांगितला आहे. ब्राह्मणाचे नाव मंगल असावे, क्षत्रियाचे बलदर्शक, वैश्याचे धनदर्शक आणि शूद्राचे निंदादर्शक! ज्याला शूद्राचेही स्थान नाही, त्या अस्पृश्याची काय कथा? दगडू, धोंडू, कचरू ही नावे मूल जगावे म्हणून इतर जातींतही ठेवत, हे खरे आहे. पण इतरांच्या दगडूचा पुढे दगडूशेठ किंवा दगडूराव होई, आपला दगडू मात्र म्हातारा झाला तरी गावाच्या तोंडी दगड्याच राही. त्याआधी आपल्या पूर्वजांच्या नावांना नाक हा प्रत्यय असे. १ जानेवारी १८१८ च्या लढाईनंतर भीमा कोरेगावला उभारलेल्या विजयस्तंभावर ती नावे आजही वाचता येतात. ज्यांची नावे गावात धड उच्चारली जात नव्हती, ती दगडावर कोरली गेली. १ जानेवारी १९२७ रोजी बाबासाहेब त्या स्तंभाला मानवंदना द्यायला गेले, ते उगाच नव्हे.

७ नोव्हेंबर १९०० रोजी साताऱ्याच्या सरकारी इंग्रजी शाळेत भिवाचे नाव दाखल झाले. शाळेच्या रजिस्टरमध्ये नोंद आहे ती भिवा रामजी आंबेडकर अशी. महाराष्ट्रात हा दिवस आता विद्यार्थी दिवस म्हणून पाळला जातो. कोकणात गावाच्या नावापुढे कर लावून आडनाव करण्याची रीत आहे. त्या रीतीने आंबडव्याचा तो आंबडवेकर. त्याचे आंबेडकर कसे झाले, याविषयी चरित्रांतून एक हकिकत सांगितली जाते. साताऱ्याच्या शाळेत आंबेडकर आडनावाचे एक ब्राह्मण शिक्षक होते. त्यांचा या मुलावर लोभ होता. त्यांनी आपले सुटसुटीत आडनाव त्याला लावले.

ही हकिकत सांगून काही मंडळी मोठ्या खुबीने सुचवतात की बाबासाहेबांचे नावही ब्राह्मणाचे देणे आहे. आम्ही त्यांना एवढेच विचारतो, त्याच शाळेत हा मुलगा वर्गात वेगळा बसत होता, पाण्याच्या भांड्याला त्याला हात लावता येत नव्हता. आडनाव बदलल्याने ते थांबले काय? नाही थांबले. त्या शिक्षकांच्या मायेबद्दल बाबासाहेबांनी आयुष्यभर कृतज्ञता बाळगली, तो त्यांचा मोठेपणा. पण सवर्णासारखे आडनाव मिळाल्याने अस्पृश्यता जात नाही, हा धडा त्यांना वयाच्या दहाव्या वर्षाच्या आतच मिळाला होता.

पुढे भिवाचा भीमराव झाला. एल्फिन्स्टन, कोलंबिया, लंडन स्कूल ऑफ इकॉनॉमिक्स, ग्रेज इन अशी शिक्षणाची शिखरे त्यांनी सर केली. पण बडोद्याला नोकरीसाठी गेले, तेव्हा राहायला जागा मिळेना. पारशी खाणावळीत पारशी नाव सांगून राहावे लागले आणि खरे नाव कळताच काठ्या घेऊन आलेल्या जमावाने त्यांना बाहेर काढले. १९१७ सालची ही गोष्ट. खोलीसाठी नाव लपवू पाहणाऱ्या आपल्या तरुणांनी ती मनात कोरून ठेवावी. नाव लपवल्याने मिळालेला निवारा नाव उघड होईपर्यंतच टिकतो.

यानंतर बाबासाहेबांनी नाव लपवले नाही, नावासाठी लढा उभारला. १९२० साली मूकनायक, १९२७ साली बहिष्कृत भारत, १९३० साली जनता आणि १९५६ साली प्रबुद्ध भारत. ही नियतकालिकांची नावे ओळीने वाचली तर मुक्या माणसापासून प्रबुद्ध माणसापर्यंतचा आपला प्रवास दिसतो. २५ डिसेंबर १९२७ रोजी महाडला मनुस्मृती जळाली, तेव्हा नावांचा तो निंदादर्शक कायदाही त्यात जळाला.

१९३१ साली दुसऱ्या गोलमेज परिषदेच्या वेळी त्यांनी रावबहादूर श्रीनिवासन यांच्यासह दिलेल्या निवेदनात समाजाचे सरकारी नाव बदलण्याची मागणी केली. डिप्रेस्ड क्लासेस या शब्दात हीनता आहे, त्याऐवजी वर्णबाह्य हिंदू किंवा प्रॉटेस्टंट हिंदू म्हणा, असे त्यांनी सुचवले. गांधीजींनी हरिजन हे नाव रूढ केले, ते त्यांनी नाकारले. १९३८ साली मुंबई विधानसभेत कायद्याच्या मसुद्यात तो शब्द घालण्याचा घाट घातला गेला. बाबासाहेब आणि त्यांच्या स्वतंत्र मजूर पक्षाचे सदस्य निषेध म्हणून सभागृहातून बाहेर पडले. ज्याचे नाव त्याला न विचारता दुसराच ठेवतो, त्याच्यावर दुसऱ्याची मालकी राहते, हे त्यांनी ओळखले होते.

मग नुसते नाव बदलायचे काय? मे १९३६ मध्ये मुंबईत भरलेल्या महार परिषदेतील भाषणात बाबासाहेबांनी हा प्रश्न स्वतःच घेतला. काही लोक महार न म्हणवता चोखामेळा म्हणवून घेत होते. त्याने काही साधत नाही, असे त्यांनी समजावले. नवे नाव जुन्याच समाजरचनेत राहिले तर लोक त्याचाही जुनाच अर्थ लावतात. नाव असे हवे की ज्यामागे वेगळा धर्म, वेगळा समाज आणि समतेचे नाते उभे आहे. त्यांच्या लेखी धर्मांतर हे खरे नामांतर होते.

त्याची तयारी त्यांनी आधीच चालवली होती. दादरच्या घराला नाव दिले राजगृह. १९४६ साली मुंबईत महाविद्यालय काढले, त्याचे नाव सिद्धार्थ. तेव्हाच्या औरंगाबादेत १९५० साली सुरू केलेल्या महाविद्यालयाला पुढे मिलिंद हे नाव दिले आणि परिसराला नागसेनवन. मिलिंद राजा आणि भिक्खू नागसेन यांचा संवाद नावापासूनच सुरू होतो, हे अनेकांना ठाऊक नसेल. नागसेन हे केवळ व्यवहारासाठी वापरायचे नाव आहे, त्या नावामागे नित्य असा कोणी आत्मा नाही, असे भिक्खू राजाला रथाचा दाखला देऊन पटवतो. आम्हांला यात मोठा अर्थ दिसतो. नाव देवाने दिलेले नाही, पूर्वजन्माच्या कर्माने चिकटलेले नाही. माणसांनी ठेवलेले आहे, म्हणून माणसांना ते उतरवता येते. जातीचेही तसेच आहे.

१४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपुरात लाखोंनी ते उतरवले. त्यानंतर आपल्या घरांत गौतम, राहुल, आनंद, सुजाता, संघमित्रा, प्रज्ञा जन्मू लागल्या. निंदादर्शक नावांची परंपरा एका पिढीत संपली. ६ डिसेंबर १९५६ रोजी बाबासाहेबांचे महापरिनिर्वाण झाले, पण त्यांच्या नावाचा लढा थांबला नाही. मराठवाडा विद्यापीठाला त्यांचे नाव देण्याचा ठराव २७ जुलै १९७८ रोजी विधिमंडळाने केला आणि मराठवाड्यात आपली घरे जळली. पोचीराम कांबळे यांना जीव गमवावा लागला, गौतम वाघमारे यांनी १९९३ साली आत्मदहन केले. अखेर १४ जानेवारी १९९४ रोजी नामविस्तार झाला. नावात काय आहे, असे म्हणणाऱ्यांनी हा इतिहास वाचावा.

आता त्या तरुणाच्या प्रश्नाकडे वळू. राजपत्रात आडनाव जरूर बदलता येते, त्यात लाज काहीच नाही. पण जातीच्या दाखल्यासाठी १० ऑगस्ट १९५० पूर्वीचा पुरावा मागितला जातो. तेव्हा आजोबांच्या शाळेच्या नोंदीतले तेच जुने आडनाव पुढे ठेवावे लागते आणि नवे-जुने जुळवताना दमछाक होते. धर्माच्या रकान्यात बौद्ध लिहिल्याने अनुसूचित जातीच्या सवलती जातात, ही भीतीही सोडावी. १९९० च्या दुरुस्तीने तो प्रश्न निकाली काढला आहे. डिसेंबर २०२० मध्ये राज्य सरकारने वस्त्यांची जातिवाचक नावे बदलण्याचा निर्णय घेतला. आपल्या गावात त्याची अंमलबजावणी झाली की नाही, हे ग्रामपंचायतीत जाऊन विचारा. आणि १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या नावापुढे आईचे नाव लावणे राज्यात बंधनकारक आहे. भीमाबाईंच्या लेकाच्या अनुयायांनी ते अभिमानाने लावावे.

आंबडवे हे कोकणातले एक लहानसे गाव. त्याच्या नावावरून आलेले आडनाव आज विद्यापीठांवर आहे, बाबासाहेबांचे जन्मगाव महू २००३ पासून त्यांच्याच नावाने ओळखले जाते. त्या आडनावाने बाबासाहेबांना मोठे केले नाही, बाबासाहेबांनी त्याला मोठे केले. तुमचे आडनाव कांबळे असो की जाधव, ते खाली घालायला लावणाऱ्या घरमालकाशी कायद्याने भांडा. आम्ही आणि आमच्यासारखे वकील त्यासाठीच आहोत. जयभीम!