एकशे एक दिवसांचा धडा : गोपाळ गणेश आगरकर

आपल्या शाळेच्या वक्तृत्वस्पर्धेत टिळक आणि आगरकर हे विषय गेल्या साठ वर्षांत किती वेळा आले असतील, याची मोजदाद करणे कठीण आहे. परीक्षक म्हणून मी ऐकलेल्या बहुतेक भाषणांत डोंगरीच्या तुरुंगाचा उल्लेख असतोच. दोघा तरुण संपादकांनी परकीय सत्तेविरुद्ध निर्भीडपणे लिहिले म्हणून सरकारने त्यांना कारावासात टाकले, एवढे सांगून आमचे वक्ते टाळ्या घेतात आणि पुढच्या मुद्द्याकडे वळतात. या कथनातला तुरुंग खरा आहे. कारण मात्र खरे नाही. तो खटला राजद्रोहाचा नव्हता, अब्रुनुकसानीचा होता. फिर्यादी कोणी इंग्रज अधिकारी नव्हता, एका मराठी संस्थानाचा एतद्देशीय कारभारी होता. आणि ज्या कागदांच्या आधारे संपादकांनी त्याच्यावर आरोप केले, ते कागद बनावट ठरले होते.

ही हकीकत सांगितल्याने आगरकरांचे मोठेपण उणावत नाही. उलट ते मोठेपण नेमके कशात होते, हे तिच्यामुळेच उमगते. शाळेच्या हीरक महोत्सवी स्मरणिकेसाठी लिहिताना, शिक्षक आणि संपादक या दोन्ही नात्यांनी आपल्याला जवळ असलेल्या या पुरुषाचे चरित्र म्हणूनच मी निवडले.

गोपाळ गणेश आगरकर यांचा जन्म १४ जुलै १८५६ रोजी सातारा जिल्ह्यात कऱ्हाडजवळील टेंभू या गावी झाला. घरची स्थिती अत्यंत हलाखीची. कऱ्हाडास आजोळी राहून त्यांनी आरंभीचे शिक्षण घेतले. पुढे शिकण्याची सोय होईना, तेव्हा त्यांनी कचेरीत उमेदवारी केली, दवाखान्यात कंपाउंडरचे काम केले. शिक्षणाच्या ओढीने ते कऱ्हाडाहून रत्नागिरीपर्यंत पायी गेले. तेथे जम बसला नाही, तेव्हा परतले. अखेरीस वऱ्हाडात अकोल्यास नातेवाइकांकडे त्यांना आसरा मिळाला. तेथे विष्णु मोरेश्वर महाजनी यांच्यासारखे गुणग्राही शिक्षक त्यांना लाभले, 'वऱ्हाड समाचार' या पत्रात लिहिण्याची संधीही मिळाली. १८७५ साली ते मॅट्रिक झाले आणि पुण्याच्या डेक्कन कॉलेजात दाखल झाले. त्या काळी त्यांच्याजवळ एकच सदरा होता, तो रात्री धुऊन सकाळी पुन्हा घालावा लागे, ही आठवण महाराष्ट्रात घरोघर सांगितली जाते.

एवढ्या दारिद्र्यातून वर आलेल्या मुलाने पदवी मिळताच मोठ्या पगाराची सरकारी नोकरी धरावी, ही घरच्यांची अपेक्षा स्वाभाविकच होती. आगरकरांनी मात्र आईला पत्र लिहून कळविले की, विशेष संपत्तीची हाव न धरता पोटापुरत्या पैशांवर संतोष मानून आपला सर्व वेळ आपण परहितार्थ खर्च करणार आहोत. त्या माउलीने हे पत्र कोणाकडून वाचून घेतले असेल आणि ऐकताना तिला काय वाटले असेल, असा विचार दरवर्षी निरोप समारंभाच्या दिवशी माझ्या मनात येतो.

डेक्कन कॉलेजात त्यांची गाठ बाळ गंगाधर टिळक यांच्याशी पडली. दोघे एकाच वर्षी, एकाच महिन्यात जन्मलेले. टिळक नऊ दिवसांनी धाकटे. विष्णुशास्त्री चिपळूणकर यांच्या पुढाकाराने १ जानेवारी १८८० रोजी पुण्यात न्यू इंग्लिश स्कूल सुरू झाले होते. एम. ए. झाल्यावर आगरकर या शाळेत रुजू झाले. पाठोपाठ १८८१ च्या जानेवारीत 'केसरी' आणि 'मराठा' ही दोन पत्रे निघाली. 'केसरी'चे संपादकत्व आगरकरांकडे आले, 'मराठा'चे टिळकांकडे. दिवसा वर्गात शिकवावे आणि उरलेल्या वेळात पत्र चालवावे, असा या तरुणांचा क्रम होता. शाळेच्या चार भिंतींत न मावणाऱ्या विद्यार्थ्यांसाठी उघडलेला वर्ग, अशीच त्यांची वृत्तपत्राविषयीची कल्पना होती.

पत्रे निघून वर्ष होते न होते तोच कोल्हापूरचे प्रकरण उद्भवले. कोल्हापूरच्या गादीवर दत्तक आलेले तरुण छत्रपती चौथे शिवाजी महाराज यांना वेड लागले आहे, असे सरकारी गोटातून सांगितले जात होते. त्यांचा छळ होत आहे आणि त्याला कारभारी रावबहादुर महादेव वासुदेव बर्वे जबाबदार आहेत, असा बोभाटा लोकांत होता. छत्रपतींच्या गादीविषयी साऱ्या महाराष्ट्राला जिव्हाळा. 'केसरी' आणि 'मराठा' यांनी बर्व्यांवर जहाल टीका केली. त्यातच बर्व्यांची म्हणून काही पत्रे संपादकांच्या हाती आली. त्यांतून महाराजांविरुद्धच्या कटाचा अर्थ निघत होता. पत्रांतील मजकूर प्रसिद्ध झाला, आणि बर्व्यांनी अब्रुनुकसानीची फिर्याद गुदरली.

येथे क्षणभर थांबून कायदा काय होता हे पाहिले पाहिजे. १८६० च्या भारतीय दंडसंहितेचे ४९९ वे कलम अब्रुनुकसानीची व्याख्या करते आणि तिला दहा अपवाद जोडते. पहिल्या अपवादानुसार, केलेले विधान सत्य असेल आणि ते प्रसिद्ध करणे लोकहिताचे असेल, तर तो गुन्हा होत नाही. मात्र दोन्ही गोष्टी सिद्ध करण्याचा भार आरोपीवर असतो. इतर अपवादांपैकी बहुतेकांत सद्भावाची अट आहे. याच संहितेचे ५२ वे कलम असे सांगते की, योग्य ती दक्षता आणि सावधगिरी न बाळगता केलेली गोष्ट सद्भावाने केली असे मानता येणार नाही. म्हणजे कायद्याच्या दृष्टीने सद्भाव केवळ मनातल्या कळकळीने सिद्ध होत नाही. तिला काळजीची जोड लागते. आगरकर आणि टिळक यांच्या कळकळीविषयी कोणालाच शंका नव्हती. परंतु पत्रे बनावट निघाल्यावर सत्याचा आधार गेला, आणि ती छापण्यापूर्वी पुरेशी पारख झाली नव्हती म्हणून सद्भावाचा आधारही डळमळला.

तो काळ या मंडळींना फार कठीण गेला. खटला चालू असतानाच मार्च १८८२ मध्ये चिपळूणकरांचे अकाली निधन झाले. दोघांच्या जामिनाचा प्रश्न उभा राहिला, तेव्हा महात्मा जोतीराव फुले यांच्या शब्दावरून रामशेट बापूशेट उरवणे यांनी दहा हजार रुपयांचा जामीन दिला. चिपळूणकरांनी जोतीरावांवर बोचरी टीका केली होती, आणि जामीन हवा होता तो चिपळूणकरांच्याच सहकाऱ्यांना. मतभेद राखूनही माणुसकी कशी सांभाळावी, याचा हा वस्तुपाठ मला फार मोलाचा वाटतो.

पत्रे खरी नाहीत हे ध्यानी आल्यावर दोघा संपादकांनी दिलगिरी व्यक्त केली. फिर्याद मात्र मागे घेतली गेली नाही. जुलै १८८२ मध्ये दोघांना प्रत्येकी चार महिन्यांची साधी कैद झाली. आगरकरांना सव्वीस वर्षे पुरी होऊन तीनच दिवस लोटले होते; टिळकांचा सव्विसावा वाढदिवस मुंबईच्या डोंगरी तुरुंगात उगवला. शिक्षेत थोडी सूट मिळून एकशे एक दिवसांनी, २६ ऑक्टोबर रोजी ते सुटले, तेव्हा लोकांनी त्यांचे मोठे स्वागत केले. आगरकरांनी या दिवसांची हकीकत 'डोंगरीच्या तुरुंगातील आमचे एकशे एक दिवस' या पुस्तकात सांगितली. शेक्सपिअरच्या 'हॅम्लेट'चे 'विकारविलसित' हे त्यांचे मराठी रूपांतर याच कारावासाचे फळ होय.

लोकांनी हार घातले ते दोघा संपादकांना. ज्यांच्या नावावर खोटी पत्रे खपविली गेली, त्या बर्व्यांची आठवण त्या गर्दीत कोणाला झाली असेल असे वाटत नाही. दुसऱ्या बाजूने पाहता महाराजांविषयी लोकांना वाटणारी चिंताही निराधार नव्हती. पुढच्याच वर्षी, डिसेंबर १८८३ मध्ये, अहमदनगर येथे त्यांच्यावर नेमलेल्या एका गोऱ्या शिपायाशी झालेल्या झटापटीत त्या दुर्दैवी तरुणाचा अंत झाला. चिंता खरी होती, पुरावा खोटा होता. खोट्या पुराव्याने खरी बाजूही कशी लंगडी पडते, हे या प्रकरणाइतके स्पष्टपणे क्वचितच दिसते.

या अनुभवानंतर एखाद्याने लेखणी खाली ठेवली असती. आगरकरांनी तसे केले नाही. १८८४ मध्ये डेक्कन एज्युकेशन सोसायटी आणि १८८५ च्या आरंभी फर्ग्युसन कॉलेज स्थापन झाले. त्या उभारणीत ते अग्रभागी होते आणि 'केसरी'ही चालवीत होते. मात्र बालविवाह, विधवांची दुःस्थिती, स्त्रीशिक्षण या प्रश्नांवर त्यांची मते आणि टिळकप्रभृती सहकाऱ्यांची मते जुळेनात. ज्या पत्रात आपल्याला पटलेले लिहिता येत नाही, त्याच्या संपादकाच्या खुर्चीला अर्थ उरत नाही, हे ओळखून त्यांनी १८८७ मध्ये 'केसरी' सोडला आणि पुढच्या वर्षी 'सुधारक' काढला. त्याची इंग्रजी बाजू काही काळ तरुण गोपाळ कृष्ण गोखले यांनी सांभाळली.

वृत्तपत्राच्या स्वातंत्र्याला धोका केवळ सरकारकडून वा न्यायालयाकडून नसतो. तो सहकाऱ्यांच्या नाराजीतून आणि वाचकांच्या रोषातूनही येतो. हे आगरकरांनी प्रत्यक्ष सोसले. त्यांच्या विरोधकांनी पुण्यात त्यांच्या प्रतिमेची प्रेतयात्रा काढली. जिवंतपणी स्वतःचे प्रेत पाहण्याचा प्रसंग त्यांच्यावर आला. त्यांनी उत्तर दिले ते लेखणीनेच. या काळातील त्यांच्या निबंधांत तर्काची पायरी एकामागून एक चढविलेली दिसते. विरोधकाचा मुद्दा आधी पुरतेपणी मांडायचा आणि मगच तो खोडायचा, ही त्यांची रीत. ती त्यांनी डोंगरीतच कमावली असे म्हणण्याचे धाडस मी करणार नाही. परंतु डोंगरी त्यांच्या विस्मरणात गेली नसावी, असे वाटते.

१८९२ मध्ये ते फर्ग्युसन कॉलेजचे प्राचार्य झाले. दम्याने शरीर आधीच पोखरले होते. १७ जून १८९५ रोजी, वयाची एकोणचाळीस वर्षेही पुरी झाली नसताना, त्यांचे निधन झाले. आपल्या अंत्यविधीचा भार कोणावर पडू नये म्हणून त्यांनी त्यापुरते पैसे पुरचुंडीत बांधून ठेवले होते, असे सांगतात. वर्षानुवर्षांचे वाद विसरून टिळकांनी 'केसरी'त त्यांच्यावर मृत्युलेख लिहिला.

आता एक घरची गोष्ट. काही वर्षांपूर्वी आपल्या शाळेच्या भित्तिपत्रकात विद्यार्थ्यांनी एका कर्मचाऱ्याविषयी ऐकीव माहितीवरून मजकूर लिहिला. दोन दिवसांत तो निराधार असल्याचे कळले. तोवर त्या गृहस्थांना मुलांसमोरून मान खाली घालून जावे लागत होते. भित्तिपत्रकच बंद करावे, अशी सूचना आली. मला ती पटली नाही. मुलांनी त्याच फलकावर, तेवढ्याच मोठ्या अक्षरांत, नावानिशी क्षमा मागितली, आणि त्या गृहस्थांनी ती मोठ्या मनाने स्वीकारली. तेव्हापासून ज्याच्याविषयी लिहायचे त्याला आधी विचारायचे आणि लेखाखाली आपले नाव घालायचे, असे दोन नियम झाले. भित्तिपत्रक आजही चालू आहे.

अब्रुनुकसानीचा गुन्हा २०२४ पासून भारतीय न्याय संहितेच्या ३५६ व्या कलमात आला आहे. कायद्याचा गाभा आगरकरांच्या वेळचाच राहिला आहे. राज्यघटनेच्या एकोणिसाव्या अनुच्छेदाने भाषणस्वातंत्र्य दिले आणि त्याच अनुच्छेदात दुसऱ्याच्या अब्रूसाठी मर्यादाही घातली. त्या मर्यादेचा धाक दाखवून सत्य बोलणाऱ्यांनाच गप्प करण्याचे प्रकार घडतात, हेही खरे. म्हणूनच लिहिणाऱ्याची बाजू पुराव्याने भक्कम असावी लागते. महाराष्ट्रापासून दूर, दुसऱ्या भाषेच्या मुलखात मराठीतून शिकून बाहेर पडणाऱ्या आपल्या मुलामुलींनी आगरकरांविषयी पुढे कधी भाषण केले, तर डोंगरीपाशी थोडे अधिक थांबावे. ते दोघे तुरुंगात का गेले हे खरे सांगावे, आणि बाहेर आल्यावर आगरकरांनी लेखणी पुन्हा कशी उचलली, हेही सांगावे.