विश्लेषण : चेतापेशीला ‘थांब’ कसे कळते? स्वतःचाच सिद्धांत खोडून काढणाऱ्या जॉन एक्लस यांची गोष्ट

डॉक्टर गुडघ्याच्या वाटीखाली रबरी हातोडी हलकेच मारतात आणि पाय आपोआप पुढे उडतो. यात मांडीचा पुढचा स्नायू आखडतो, हे उघड आहे. पण त्याच वेळी मांडीच्या मागच्या स्नायूंना गप्प बसवावे लागते, नाहीतर दोघांच्या ओढाताणीत पाय जागचा हलणार नाही. गप्प बसवण्याचा हा संदेश एका पेशीकडून दुसरीकडे कसा जातो? याचे उत्तर ऑगस्ट १९५१ मध्ये न्यूझीलंडमधील डुनेडिन शहरात मिळाले. ते शोधणारे जॉन एक्लस तोवर अनेक वर्षे नेमकी विरुद्ध बाजू लढवत होते.

चेतापेशीतील संकेत किती प्रकारचे?

स्वस्थ चेतापेशीचा आतला भाग बाहेरच्या तुलनेत साधारण ७० मिलिव्होल्टने ऋण असतो. म्हणजे प्रत्येक पेशी ही एक चिमुकली बॅटरीच. तिच्या विभवात होणारे बदल दोन प्रकारचे असतात.

पहिला प्रकार दिव्याच्या बटणासारखा. एक तर पूर्ण चालू, नाहीतर बंद. याला ‘ॲक्शन पोटेन्शियल’ म्हणतात. सुमारे १०० मिलिव्होल्टची ही उसळी लांबलचक चेतातंतूवरून न घटता शेवटच्या टोकापर्यंत जाते.

दुसरा प्रकार पंख्याच्या रेग्युलेटरसारखा. उत्तेजना थोडी असेल तर बदल थोडा, जास्त असेल तर जास्त. याला ‘ग्रेडेड पोटेन्शियल’ म्हणतात. हा बदल अनेकदा मोजक्या मिलिव्होल्टचाच असतो. उगमापासून दूर जाताना तो विरत जातो आणि काही मिलिसेकंदांत ओसरतो.

मग अशा दुबळ्या संकेताचा उपयोग काय? उपयोग आहे तो हिशेबासाठी. लागोपाठ किंवा शेजारीशेजारी आलेले असे बदल एकमेकांत मिसळतात. आतले ऋणत्व घटवणारे बदल जमेच्या बाजूला जातात, ते वाढवणारे बदल वजा होतात. एकूण जमा ठरावीक उंबरठ्यापलीकडे गेली, तरच पेशी ॲक्शन पोटेन्शियल सोडते. इलेक्ट्रॉनिक्सच्या भाषेत सांगायचे तर पेशीत होणारा हिशेब ॲनालॉग असतो आणि बाहेर पडणारा निकाल डिजिटल.

या हिशेबातली वजाबाकी प्रत्यक्ष मोजून दाखवली ती एक्लस यांच्या गटाने.

एक्लस कोण होते?

जॉन एक्लस यांचा जन्म २७ जानेवारी १९०३ रोजी ऑस्ट्रेलियातील मेलबर्न येथे झाला. आई-वडील दोघेही शिक्षक. १९२५ मध्ये मेलबर्न विद्यापीठातून ते वैद्यकीय पदवी घेऊन बाहेर पडले आणि ऱ्होड्स शिष्यवृत्तीवर ऑक्सफर्डला गेले. जाण्याचे कारण एकच होते : चार्ल्स शेरिंग्टन यांच्या हाताखाली काम करणे. दोन चेतापेशींमधील सांध्याला ‘सिनॅप्स’ हे नाव रूढ झाले ते शेरिंग्टन यांच्यामुळे. चेतासंस्थेत ‘कर’ या आदेशाइतकाच ‘थांब’ हा आदेशही महत्त्वाचा असतो, हेही त्यांनीच ठसवले होते. हा ‘थांब’ पेशीत नेमका कसा घडतो, या प्रश्नाने शिष्याला पछाडले.

‘सूप’ आणि ‘स्पार्क’चा वाद काय होता?

१९३०च्या दशकात शरीरशास्त्रज्ञांमध्ये दोन तट पडले होते. सिनॅप्सच्या फटीतून संदेश रसायनाद्वारे पलीकडे जातो, असे एका गटाचे म्हणणे. ऑस्ट्रियात ओटो लोवी यांनी १९२१ मध्ये बेडकाच्या हृदयावर प्रयोग करून अशा रसायनाचा पुरावा दिला होता. ब्रिटनमध्ये हेन्री डेल यांनी हे काम पुढे नेले. दोघांना १९३६ चे नोबेल मिळाले. या मताला गमतीने ‘सूप’ म्हणत.

एक्लस ‘स्पार्क’ गटाचे, म्हणजे विद्युत प्रवाह थेट पलीकडे जातो असे मानणारे. त्यांचा मुद्दा वेळेचा होता. हृदयाची गती मंदावणारे रसायन सावकाश काम करते, मज्जारज्जूतला संदेश मात्र एका मिलिसेकंदाच्या आत पलीकडे पोहोचतो. रसायन बाहेर पडणार, फट ओलांडणार, पलीकडे परिणाम घडवणार, हे सगळे इतक्या वेळात कसे शक्य आहे? त्या काळच्या साधनांचा विचार केला तर शंका रास्त होती. सभांमध्ये एक्लस आणि डेल यांच्यात जोरदार खडाजंगी होई, तरी दोघांची मैत्री टिकून राहिली.

१९३७ मध्ये एक्लस सिडनीला परतले. युरोपातून आलेले बर्नार्ड कात्झ आणि स्टीफन कफलर हे दोघे तिथे त्यांना येऊन मिळाले. चेतातंतू आणि स्नायू यांच्या सांध्यावर तिघांनी काम केले. तिथले पुरावे रसायनाकडे झुकत होते, पण एक्लस यांनी विद्युत सिद्धांत सोडला नाही. १९४४ मध्ये ते डुनेडिनच्या ओटागो विद्यापीठात प्राध्यापक झाले. १९४७ मध्ये ‘थांब’ संदेशाचा नवा विद्युत सिद्धांत त्यांनी मांडला. त्याची कल्पना स्वप्नात सुचली, असे ते सांगत. योगायोग असा की, लोवी यांचा बेडकावरचा प्रयोगही स्वप्नातूनच आलेला.

पॉपर यांची भेट का महत्त्वाची?

महायुद्धाच्या त्या वर्षांत तत्त्वज्ञ कार्ल पॉपर न्यूझीलंडमध्येच, ख्राइस्टचर्चला शिकवत होते. दोघांची ओळख झाली. पॉपर यांचे मत होते की, सिद्धांत खोटा ठरण्यात लाज नाही. उलट तो इतका नेमका मांडावा की, प्रयोगाने खोटा ठरवता येईल. आपली बाजू हरत चालल्याची जाणीव होऊन खचलेल्या एक्लस यांना या विचाराने उभारी दिली. त्यांनी आपला सिद्धांत एका साध्या कसोटीवर आणून ठेवला : ‘थांब’ संदेश येताच पेशीच्या आतले विभव कोणत्या दिशेला सरकते?

सिद्धांताप्रमाणे आतले ऋणत्व घटायला हवे होते. रसायनवाद्यांच्या मते ते वाढायला हवे होते.

ऑगस्ट १९५१ मध्ये काय घडले?

ही कसोटी घेण्यासाठी पेशीच्या आत शिरणे आवश्यक होते. मीठद्रावण भरलेल्या, एक मायक्रॉनहूनही बारीक टोकाच्या काचेच्या नळ्या तेव्हा नुकत्याच वापरात आल्या होत्या. एक्लस, लॉरेन्स ब्रॉक आणि विद्युत यंत्रणा उभारणारे भौतिकशास्त्रज्ञ जॅक कूम्ब्स यांनी अशी नळी भूल दिलेल्या मांजराच्या मज्जारज्जूत, स्नायूला आदेश देणाऱ्या एका चेतापेशीत घुसवली. पेशी मांडीच्या मागच्या स्नायूची होती. मग पुढच्या स्नायूकडून येणाऱ्या चेतातंतूंना त्यांनी विजेचा हलका धक्का दिला.

आतले विभव आणखी ऋण झाले. धक्का वाढवला की हा बदलही वाढे. म्हणजे ‘थांब’ हा संदेश ग्रेडेड पोटेन्शियलच होता, फक्त उलट्या दिशेचा. पेशी उंबरठ्यापासून आणखी दूर ढकलली जात होती.

निकाल स्वच्छ होता आणि एक्लस यांच्या विरोधात होता. त्यांनी पळवाट शोधली नाही. १९५२ मध्ये तिघांच्या शोधनिबंधात विद्युत सिद्धांत खोटा ठरल्याचे त्यांनी जाहीरपणे लिहिले आणि ते रसायनवाद्यांच्या बाजूला गेले. त्याच वर्षी ते कॅनबेराच्या ऑस्ट्रेलियन नॅशनल युनिव्हर्सिटीत रुजू झाले. पुढे त्यांच्या गटाने क्लोराइड आयन पेशीत सोडून हा ऋण बदल उलटवून दाखवला. ‘थांब’ संदेशाने पेशीच्या पटलातील कोणत्या वाटा उघडतात, याचा माग त्यातून लागला.

याचा आपल्याशी काय संबंध?

धनुर्वात झालेल्या रुग्णाचा जबडा घट्ट मिटतो, पाठ धनुष्यासारखी वाकते. स्नायूंना ‘कर’ सांगणारे संदेश चालू असतात, ‘थांब’ सांगणारे बंद पडतात. धनुर्वाताचे विष हा ‘थांब’ संदेशच दाबते, हे एक्लस यांच्या गटाने १९५७ मध्ये दाखवले. ते विष ‘थांब’ सांगणारे रसायन पेशीतून बाहेरच पडू देत नाही, हे आज आपल्याला ठाऊक आहे.

कोकणात काजरा म्हणून ओळखल्या जाणाऱ्या झाडाच्या बिया म्हणजे कुचला. त्यातील स्ट्रिकनीन हे विष वेगळ्या ठिकाणी घाव घालते : रसायन पोहोचते, पण ते घेणारी पलीकडची जागाच अडवलेली असते. परिणाम तसाच, जीवघेणे झटके. हिशेबातली वजाबाकी काढून टाकली तर शरीराचे काय होते, हे या दोन्हींतून दिसते.

पुढे काय झाले?

१९५८ मध्ये एक्लस यांना ‘सर’ हा किताब मिळाला आणि १९६३ मध्ये ॲलन हॉजकिन व अँड्र्यू हक्स्ली यांच्यासह नोबेल. हॉजकिन-हक्स्ली यांनी ॲक्शन पोटेन्शियलचे गणित सोडवले होते, तर एक्लस यांनी ग्रेडेड संकेतांचे काम केले होते. बटण आणि रेग्युलेटर, दोन्हींचा गौरव एकाच वर्षी झाला.

दरम्यान १९५९ मध्ये कात्झ यांच्या लंडनमधील विभागात एडविन फर्शपॅन आणि डेव्हिड पॉटर यांनी क्रेफिश या प्राण्यात थेट विद्युत प्रवाह नेणारा सिनॅप्स सिद्ध केला. ‘स्पार्क’ अगदीच चूक नव्हता. बहुतेक सिनॅप्सना तो लागू नव्हता, इतकेच.

उतारवयात एक्लस मन आणि मेंदू वेगळे असल्याचे मांडू लागले. १९७७ मध्ये पॉपर यांच्यासोबत त्यांनी त्यावर ग्रंथ लिहिला. बहुतांश मेंदूशास्त्रज्ञांनी हे मत स्वीकारले नाही. १९५१ च्या काचेच्या नळीसारखी निर्णायक कसोटी या दाव्यासाठी कधी सापडली नाही. २ मे १९९७ रोजी स्वित्झर्लंडमध्ये वयाच्या ९४ व्या वर्षी त्यांचे निधन झाले. शरीरशास्त्राच्या पाठ्यपुस्तकांत आज विद्यार्थी जो उलट्या दिशेचा आलेख शिकतात, तो एक्लस यांना हरवणाऱ्या त्या प्रयोगातून आला आहे.