दार्जिलिंगची विवियन

विवियन ली म्हटले की आपल्या नाट्यवेड्या मंडळींना ‘गॉन विथ द विंड’ आठवतो. मला तिच्याविषयी जिव्हाळा वाटतो तो मात्र दोन वेगळ्या कारणांनी. एक म्हणजे तिचा जन्म आपल्या देशातला. दुसरे, मनाच्या आजाराशी झगडतानाही तिने रंगभूमी सोडली नाही.

५ नोव्हेंबर १९१३ रोजी विवियन मेरी हार्टली दार्जिलिंगला जन्मली. वडील कलकत्त्यात दलालीच्या व्यवसायात होते. आईला नाटकाची हौस. आईच्याच हौशी मंडळींत तीन वर्षांच्या विवियनने पहिल्यांदा रंगमंचावर बालगीत म्हटले; आपल्या उत्सवात चिमुकली मुले म्हणतात ना, अगदी तसेच! पुढे सहाव्या वर्षी तिला इंग्लंडच्या कॉन्व्हेंटमध्ये ठेवण्यात आले.

१९३२ मध्ये ली होल्मन या बॅरिस्टरशी तिचे लग्न झाले. त्यांच्या नावातला ‘ली’ तिने रंगभूमीसाठी घेतला. १९३५ च्या ‘द मास्क ऑफ व्हर्च्यू’ने ती एका रात्रीत प्रसिद्ध झाली. १९३९ मध्ये स्कार्लेट ओहाराची भूमिका आणि त्यासाठी ऑस्कर! १९४० मध्ये ती नटश्रेष्ठ लॉरेन्स ऑलिव्हिए यांची पत्नी झाली. ‘अ स्ट्रीटकार नेम्ड डिझायर’ तिने १९४९ पासून लंडनच्या रंगमंचावर गाजवले आणि १९५१ च्या चित्रपटातील त्याच भूमिकेसाठी दुसरे ऑस्कर मिळवले. त्याच वर्षी ती शॉ आणि शेक्सपिअर या दोघांच्याही क्लिओपात्रा आलटून पालटून करीत होती.

या यशामागे काय चालले होते? १९४५ च्या सुमारास क्षयाने गाठले. त्याहून कठीण होता तो मनाचा आजार. आज त्याला बायपोलर म्हणतात. काही दिवस झोप नाही, बोलणे थांबत नाही; मग कित्येक दिवस उठावेसेही वाटत नाही. जवळच्या नात्यात मी हे पाहिले आहे, म्हणून तिचे मोल मला अधिक कळते. १९५३ मध्ये सिलोनला सुरू झालेले ‘एलिफंट वॉक’चे चित्रीकरण तिला सोडावे लागले; ती भूमिका एलिझाबेथ टेलरकडे गेली. विजेच्या झटक्यांचे उपचार झाले. तरीही त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात ती लंडनच्या रंगमंचावर उभी होती!

१९५७ मध्ये सेंट जेम्स थिएटर पाडायचे ठरले, तेव्हा तिने हाउस ऑफ लॉर्ड्सच्या कामकाजात उठून निषेध केला. तिला बाहेर काढण्यात आले. थिएटर वाचले नाही, पण एक नटी नाट्यगृहासाठी एवढी भांडली, हे विसरता येत नाही.

१९६० मध्ये घटस्फोट झाला. अखेरच्या वर्षांत तिला सांभाळले ते अभिनेते जॅक मेरिवेल यांनी, आजाराची पूर्ण जाणीव ठेवून. १९६३ मध्ये ‘तोवारिच’ या संगीत नाटकासाठी तिला टोनी पुरस्कार मिळाला. १९६७ मध्ये क्षय पुन्हा उलटला आणि जुलैमध्ये, वयाच्या ५३ व्या वर्षी, ती गेली. लंडनच्या नाट्यगृहांनी दर्शनी दिवे मालवून तिला निरोप दिला.

आज या आजारावर चांगली औषधे आहेत. परमुलखात राहणाऱ्या आपल्यासारख्यांजवळ नातेवाईक नसतात. मंडळ हेच आपले घर. कुणाच्या घरी असा माणूस असेल तर कुजबुज नको. त्याला डॉक्टरांकडे न्यावे, घरच्यांना हातभार लावावा, आणि बरे वाटू लागले की पुढच्या नाटकात आवर्जून काम द्यावे. गणराया सर्वांना ही सद्बुद्धी देवो!